काशीत मावशी असताना

"ऐकलंस का गं, माझ्या भाचीनं काय केलं ते?"

आमच्या दुर्गाघाटाला कुंपण नावाची गोष्ट ठाऊक नाही. घराला घर चिकटलेलं, तेव्हा शेजारधर्म चालतो तो गच्चीच्या कठड्यावरून. पौषात ऊनही तिथेच मिळतं. काकू मटारच्या शेंगांची परात आणि माकडांसाठी काठी घेऊन पलीकडे बसतात, मी माझं निवडणटिपण घेऊन अलीकडे, आणि गल्लीत कोणाचं काय चाललंय याचा हिशोब बाराच्या आत पुरा होतो.

"पुण्याच्या भाचीनं ना? काय केलं?"

"फूड वॉक! पैसे भरून! माझ्या घरी उतरली, माझ्या पांघरुणात झोपली, आणि सकाळी उठून एका परक्या पोराच्या मागे कचौडी खायला निघाली. मी दुर्गाघाटावर जन्मले, इथेच नांदले. माय मरो आणि मावशी जगो म्हणतात, आणि हिला मावशीच्या गावात वाट दाखवायला माणूस भाड्यानं आणावा लागतो."

"काकू, हल्ली सगळीकडे असंच असतं. आठदहा जणांचा घोळका, पुढे एक माहीतगार. दोनतीन तास चालायचं, मधेमधे थांबून खायचं, आणि खाताखाता तो इतिहास सांगतो."

"तेच म्हणाली ती. मी म्हटलं, एवढ्या पैशात मी तुला महिनाभर कचौडी खाऊ घातली असती. तर म्हणते, मावशी, पैसे कचौडीचे नाहीत गं, गोष्टीचे. गोष्टीचे! लहानपणी हिला झोपवताना मी ज्या सांगितल्या, त्यांचं बिल कोणाला लावू?"

सगळा दोष इटलीचा, असं काकूंचं ठाम मत. भाची ऑफिसच्या कामानं तिकडे गेली होती, तेव्हा बोलोन्या नावाच्या शहरात ती अशीच एका बाईच्या मागे हिंडली. जुनं शहर. तिथलं विद्यापीठ 1088 सालचं सांगतात. रस्त्यांच्या कडेनं कमानींखालून चालायच्या वाटा, जुन्या भागातच 38 किलोमीटर, 2021 साली युनेस्कोनं जागतिक वारशात घेतलेल्या. आणि खाण्यापिण्याची अशी ख्याती की अख्खी इटली त्या शहराला 'लठ्ठ' म्हणून ओळखते. भाचीनं काकूंना ते सगळं दोन रात्री सांगितलं असावं, कारण काकू आता बोलोन्याबद्दल अशा बोलतात की जणू ते मुगलसरायच्या पलीकडेच आहे.

"तिथे टॅलियाटेल्ले म्हणून करतात. मैदा आणि अंड्याच्या लांब पट्ट्या. ती पट्टी शिजल्यावर किती रुंद हवी? 8 मिलिमीटर. त्याहून कमी नाही, जास्त नाही. 1972 साली तिथल्या व्यापारी मंडळाच्या दप्तरात रीतसर नोंदवलंय. आमच्या सासूबाई शेवई जाड झाली तर चार दिवस बोलायच्या, पण दप्तरात नाही गं नोंदवलं कधी."

"आपल्याकडेही लागलेत की नोंदवायला. बनारसी पान, लंगडा आंबा, रामनगरचं वांगं, आदमचिनी तांदूळ, सगळ्यांना 2023 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. तिरंगा बर्फीला 2024 मध्ये."

"ती बर्फी तर त्या पोरानं मला दाखवली. मला!"

इथे माझ्या हातातली मेथीची जुडी थांबली. "तुम्हाला? म्हणजे तुम्ही पण गेला होतात?"

"गेले म्हणजे काय, धुक्यात तरण्या मुलीला एकटी कशी पाठवू? चौकात सकाळी सातला जमायचं होतं. पोरगा माकडटोपी घालून उभा. हिंदू विश्वविद्यालयातून इतिहासात एमए केलेला, बोलायला गोड. मला माताजी म्हणाला. माताजी! पंचगंगेच्या पायऱ्या मी त्याच्या दुप्पट वेगानं उतरीन."

"मग ऐकवलं असेल तुम्ही."

"नाही ऐकवलं. माझे पैसे घेतले नाहीत ना त्यानं. म्हणाला, माताजी, आप तो यहीं की हैं."

तर मंडळी आधी गेली ठठेरी बाजारात. ठठेरे म्हणजे तांब्यापितळेची भांडी घडवणारे. आजही त्या बोळात भांड्यांची दुकानं आहेत, पण सकाळी सातला ती बंद असतात आणि गल्ली तुपातेलाच्या वासानं जागी होते. भाचीला वाटलं, कचौडी म्हणजे पुण्यासारखी, गोल, कोरडी, आत आंबटगोड सारण, आठवडाभर डब्यात राहणारी. इथली मोठी कचौडी म्हणजे उडदाच्या डाळीची पिठी भरलेली, पुरीच्या जवळची, कढईतून काढली की लगेच खायची. छोटी ती खस्ता, खुसखुशीत. सोबत बटाटा आणि चण्याची पातळ भाजी, पानांच्या द्रोणात. आणि त्यावर जिलबी. मी साताऱ्याहून लग्न होऊन इथे आले तेव्हा जिलबी म्हणजे मठ्ठ्याबरोबर लग्नाच्या पंगतीत वाढायची वस्तू, एवढंच ठाऊक होतं. सासऱ्यांनी पहिल्या रविवारी सकाळी पुडा आणला तेव्हा मी कोणाचं काय ठरलं म्हणून विचारत होते.

"राम भांडाराशी थांबवलं त्यानं," काकू म्हणाल्या. "आणि सांगितलं बाई त्यानं छान. स्वातंत्र्याच्या चळवळीत तिरंगा हातात धरणं म्हणजे गुन्हा. तर इथल्या हलवायांनी तो बर्फीत आणला. केशराचा थर, मधे खवा-काजूचा पांढरा, खाली पिस्त्याचा हिरवा. झेंडा जप्त करता येतो, पोटात गेलेली बर्फी कोण जप्त करणार? घोळक्यातल्या गोऱ्या लोकांनी टाळ्याबिळ्या वाजवल्या. मी म्हटलं, बेटा, बर्फीची सांगितलीस, आता आमच्या पराडकरांची सांग."

"बाबूराव पराडकर?"

"तर काय! मराठी माणूस, 1883 साली काशीत जन्मलेला. 'आज' निघालं 1920 साली, ते हिंदीतलं पहिल्या रांगेतलं दैनिक झालं ते त्यांच्या लेखणीवर. सरकारनं तोंड दाबलं तेव्हा चोरून 'रणभेरी' निघायचं, त्यामागेही तेच. पोलीस शोधून थकले. जिथे बर्फी लपली तिथेच पेपर लपला. पोरगा प्रामाणिक निघाला. वहीत लिहून घेतलं त्यानं."

मला वाटतं, त्याच क्षणी तो वाटाड्या काकूंच्या नजरेत पास झाला. कारण पुढचं वर्णन बरंच मवाळ होतं. ठठेरी बाजारातच भारतेंदु हरिश्चंद्रांचं घर आहे, ते त्यानं दाखवलं. तिथून चौखंबा, गोपाळ मंदिराच्या बाजूनं. आणि तिथे मलइयो.

ज्यांनी मलइयो खाल्लं नाही त्यांना ते सांगणं कठीण आहे. दूध आटवतात, रात्री उघड्या आकाशाखाली थंडीत, दवात ठेवतात, पहाटे घुसळतात आणि वर येणारा फेस तेवढा काढून घेतात. त्यात साखर, वेलची, केशर, वर पिस्त्याचे काप. कुल्हडभर पिवळा फेस तोंडात ठेवला की चावायला काही उरत नाही. तो संपला की त्याच कुल्हडात केशरी दूध ओतून देतात. लखनौला ह्याला मक्खन मलाई म्हणतात, दिल्लीला दौलत की चाट. पण ते बनारसी माणसासमोर बोलू नये.

"एका बाईनं विचारलं, पार्सल मिळेल का, हॉटेलात फ्रीज आहे," काकू सांगत होत्या. "मलइयोवाला असा हसला! त्यानं टोपाकडे बोट दाखवलं. नऊ वाजून गेले होते, ऊन भिंतीवरून खाली उतरलं होतं आणि फेस बसायला लागला होता."

"दवामुळे होतं म्हणतात ते."

"दवाची कीर्ती. आमचे हे म्हणतात, खरं काम थंडीचं. गार असताना सायीतलं तूप घट्ट राहतं आणि फेसाला धरून ठेवतं. उबारा आला की सोडून देतं. म्हणून तर चैत्रात कोणी कितीही पैसे दिले तरी मलइयो मिळत नाही."

मग काकूंचा आवाज बदलला. मटाराची एक शेंग त्यांनी जरा जोरातच सोलली.

"पण एक सांगू? मला एक गोष्ट नाही आवडली. सात ठिकाणी थांबायचं म्हणजे पोट ते केवढं! तिसऱ्या थांब्यापासून अर्धे द्रोण टाकायला लागले. अर्धी जिलबी, अर्धा कुल्हड. अन्नपूर्णेच्या गावात! जिच्यापुढे प्रत्यक्ष शंकर भिक्षेला उभा राहिला, तिच्या दाराशी. मी त्या पोराला म्हटलं, दोघांत एक द्रोण घ्यायला लाव. तर म्हणतो, माताजी, लोक पैसे भरतात, अर्धं दिलं तर तक्रार करतात."

हे मात्र मलाही पटलं. माझ्या मते ह्या वॉकची खरी अडचण तीच आहे. माणसानं पैसे मोजले की तो थांबे मोजतो. पाच थांब्यांपेक्षा सात बरे, सातांपेक्षा नऊ. काशीत खाणं असं एका माळेत ओवलेलं नाही. सकाळचं सकाळी, संध्याकाळचं संध्याकाळी, थंडीतलं थंडीत.

"अन्नपूर्णेवरून आठवलं," काकू म्हणाल्या. "मंदिरापाशी तो म्हणाला, हे अठराव्या शतकातलं. झालं, पुढे चालू लागला. मी थांबवलं सगळ्यांना. म्हटलं, अठराव्या शतकात आपोआप उगवलं का? पेशव्यांनी बांधलं. आणि विश्वेश्वराचं देऊळ 1780 च्या सुमारास अहिल्याबाईंनी. भाची माझा पदर ओढतेय, मावशी पुरे."

"आणि कॅनडाहून परत आलेली मूर्ती?"

"ती सांगितली त्यानं. शंभर वर्षांपूर्वी इथून उचलून नेलेली अन्नपूर्णा, एका हातात खिरीची वाटी, एका हातात पळी. रेजायना विद्यापीठाच्या संग्रहात विष्णू म्हणून पडली होती म्हणे. वाटी-पळी घेतलेला विष्णू कोणी पाहिलाय का? नोव्हेंबर 2021 मध्ये आली परत. नशीब, वाटीपळीसकट आली."

पुढचा प्रश्न टोमॅटो चाटचा. भाचीनं ते कुठेतरी पाहून ठेवलं होतं, आणि दहा वाजताच तिला ते हवं होतं. तव्यावर टोमॅटो आणि कुस्करलेला बटाटा तुपात शिजवत ठेवतात, मसाले, वर साखरेचा पाक, वर कुरकुरीत शेव, आणि कुल्हडातून देतात. पोरानं सरळ नाही म्हटलं. संध्याकाळी. भाची नाराज, म्हणाली, यादीत होतं.

"तेव्हा मीच तिला विचारलं," काकू म्हणाल्या, "तुझ्या इटलीत दुपारी जेवणानंतर दुधाची कॉफी मागितली तर काय होतं म्हणालीस? तर म्हणे वेटर असा बघतो की आपण काहीतरी अभद्र बोललो. कापुचिनो सकाळचीच. मग? तिथे मान खाली घालून ऐकतेस आणि इथे सकाळी चाट मागतेस?"

संध्याकाळी दोघी गोदौलियाला गेल्या, काशी चाट भांडारात. रांगेत उभं राहून, गर्दीत कोपर खात, टोमॅटो चाट खाऊन आल्या. काकूंनी दोन कुल्हड खाल्ले हे मला भाचीकडून कळलं, काकू एकच म्हणतात. आता गंमत बघा, त्या बोलोन्याच्या मांसाच्या रश्शातही टोमॅटो आणि ह्या चाटमध्येही टोमॅटो, आणि तो मुळात इटलीचा नाही आणि काशीचाही नाही. अमेरिका खंडातून समुद्र ओलांडून आलेला. बटाट्याचं तेच. काकूंच्या घरी श्राद्धाच्या स्वयंपाकात अजून दोघांना प्रवेश नाही, गोदौलियाला मात्र आहे.

"लंकेला नेलं का त्यानं?" मी विचारलं. लंका म्हणजे हिंदू विश्वविद्यालयाच्या दारातला मोहल्ला.

"कशाला नेणार? काय उरलंय? चाचीची कचौडी गेली, पहलवानाची लस्सी गेली. 2025च्या जूनमध्ये रस्ता रुंद करायला सगळी रांग पाडली. चाचीच्या शिव्या खायला लोक लांबून यायचे. बाई गेल्यावरही दुकान तिच्याच नावानं चालत होतं. आता वाटाडे तिथे उभं राहून म्हणतात, इथे असायचं."

इकडे विश्वनाथ धाम झालं तेव्हाही तसंच. 2021च्या डिसेंबरात उद्घाटन झालं. त्याआधी तीनशेच्या आसपास घरं-इमारती घेऊन पाडल्या होत्या. दर्शनाला मोकळं झालं हे खरंच, म्हाताऱ्या माणसांना गंगेवरून सरळ वर येता येतं. पण लाहोरी टोल्याच्या बोळात खाण्याची जी सवय होती, ती नव्या फरशीवर आलेली नाही.

"बरं, पान?"

"पान शेवटी. ते त्यानं बरोबर केलं. आणि सांगितलंही बरोबर. बनारसचं पान बनारसमध्ये पिकत नाही, मगही पान बिहारमधून येतं. इथे येतं ते हिरवं, ते टोपल्यांत भरून ऊब देऊन पिकवतात, पांढरट पिवळं होईपर्यंत. दरीब्यात पहाटे बाजार भरतो. एकानं विचारलं, मग बनारसचं काय त्यात? पोरगा म्हणाला, धीर. मला आवडलं ते. मग त्यांना शिकवलं की चावायचं नाही, गालात धरायचं, विरघळू द्यायचं. आणि बोलायचं नाही."

"तुमचं कसं जमलं?"

काकूंनी काठी उचलली. माकड आलं नव्हतं.

मी विषय बदलला. म्हटलं, आपल्याकडे हे वाटाडेपण नवीन थोडंच आहे? पूर्वी तीर्थोपाध्येच स्टेशनवरून यात्रेकरू घेऊन यायचे, घाट दाखवायचे, देवळं फिरवायचे, घरी जेवू घालायचे आणि वहीत कुळाचं नाव लिहून ठेवायचे. काकूंच्या माहेरी अशा वह्या होत्या. साताऱ्याची माणसं आली की त्यांना भाकरी, नाशिककरांना त्यांच्या चवीची आमटी. मराठी माणूस ह्या घाटावर, बंगाली बंगाली टोल्यात, गुजराती चौखंब्यात, तमिळ आणि तेलुगू केदारघाट-हनुमानघाटाकडे. नाट्टुकोट्टै चेट्टियारांचं छत्र 1813 पासून चालू आहे. प्रत्येक जण काशीला मोक्षाला आला आणि येताना स्वतःचा मसाल्याचा डबा घेऊन आला.

"हेच मी तिला म्हटलं," काकू म्हणाल्या. "त्या पोरानं दुकानं दाखवली, छान दाखवली. पण घरातलं कुठे दिसतं? हा मटार बघ. रात्री चूडा-मटर करणार आहे. पोहे भिजवून, तुपात मटार परतून, आलं, मिरपूड, लिंबू. बनारसात घरोघर थंडीभर हेच. तुझ्या साताऱ्याच्या कांदेपोह्यांचा भाऊ, फक्त कांदा नाही आणि फोडणीला हळद नाही. हे कोणत्या वॉकमध्ये बसवतील?"

"आणि लोटा-भंटा?"

"अगं, ते तर दाखवायलाच हवं! पण त्याला तिथी लागते."

पंचक्रोशी परिक्रमेच्या वाटेवर वरुणेच्या काठी रामेश्वर आहे. तिथे अगहन वद्य षष्ठीला, म्हणजे आपल्या कार्तिक वद्य षष्ठीला, जत्रा भरते. माणसं लोटा घेऊन येतात, नदीकाठी गोवऱ्या पेटवतात, बाटी भाजतात, वांगी भाजून चोखा करतात, देवाला दाखवतात आणि तिथेच बसून खातात. मी पहिल्यांदा गेले तेव्हा धुरानं डोळे चुरचुरत असताना मला जेजुरी आठवली. आपल्याकडे चंपाषष्ठीला खंडोबाला वांग्याचं भरीत आणि रोडगा. इकडे महादेवाला चोखा आणि बाटी. तिथीही षष्ठीच, जेमतेम पंधरवड्याचं अंतर. कोणी कोणाकडून घेतलं ह्यात मला रस नाही, पण चातुर्मास सरल्यावर पहिलं वांगं देवापुढे भाजावं असं जेजुरीपासून वरुणेपर्यंतच्या माणसांना वाटलं, एवढं खरं.

"बोल, ती तारीख यादीत टाकता येते का?" काकू म्हणाल्या. "हिला रविवारची फ्लाइट. जाताना शेवटच्या संध्याकाळी कुठे गेली माहितीय? अस्सी घाटाला. 'वाटिका' कॅफेत. पिझ्झा खायला!"

"काशीत?"

"कडुनिंबाखाली बसून, समोर गंगा, आणि पिझ्झा. वर अॅपल पाय. परदेशी लोक वर्षानुवर्षं तिथे खातात. मला म्हणाली, मावशी, चव बघ, इटलीत मी असा... मी म्हटलं, इटलीचं इटलीत."

"म्हणजे खाल्ला नाहीत?"

"एक तुकडा. पाय बरा होता."

खालून काकांची हाक आली, मटार झाला का. काकूंनी परात उचलली, आणि जिन्याकडे जाता जाता हुकूम सोडला की तू लिहितेबिहितेस तर हे लिही, म्हणजे येणारी माणसं शहाणी होतील.

तर लिहिते. काशीला खायला येणार असाल तर वाटाड्या खुशाल घ्या. पहाटे उठवणारा आणि योग्य दाराशी उभा करणारा माणूस पैशांच्या लायकीचा असतो, आणि कचौडी तळणाऱ्याला तुमच्याशी बोलायला वेळ नसतो. मात्र जास्त थांब्यांची यादी देणारा निवडू नका. सकाळी चाट मागितली तर नाही म्हणणारा निवडा. रात्री हलकं जेवा, दोघांत एक द्रोण घ्या, टाकू नका. चाटसाठी संध्याकाळ वेगळी ठेवा. पान सर्वांत शेवटी. आणि मलइयो हवं असेल तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी या, सकाळी नवाच्या आत. मार्चमध्ये आलात तर ते मिळणार नाही.